सिप्रियनचा ओढकाटा

माझ्या नातीला, जागृतीला, पहिली मुलगी झाली ते वर्ष दोन हजार तेवीस. बाळंतपणाला ती आमच्याकडेच होती आणि बारसंही आमच्याच घरात झालं. हॉलमध्ये पाळणा बांधला, बायकांनी पाळणा म्हटला, आणि आतल्या खोलीत हे पलंगावर पडून होते. कुणीतरी म्हणालं, पणजोबांच्या कानात नाव सांगा. जागृतीने सांगितलं. यांच्या पापण्या हलल्या की नाही यावर बायकांचं थोडं बोलणं झालं आणि मग सगळ्या जेवायला बसल्या.

जागृती सासरी गेली तसं घर सुनं झालं. माझा मुलगा अल्पेश सकाळीच वालीवला कारखान्यात जातो. सून विनिता माणिकपूरला एका वकिलाच्या ऑफिसात कामाला आहे. दोघं गेली की चौथ्या मजल्यावर मी आणि हे.

यांना झटका आला त्याला तेव्हा वर्ष उलटून गेलं होतं. उजवं अंग गेलं, वाचा गेली. पहिले काही महिने डोळ्यांनी ओळख द्यायचे, पुढे तेही थांबलं. डॉक्टरांनी सांगितलं, आता घरी न्या, जे व्हायचं ते घरीच होऊ दे. आम्हाला वाटलं, चार दिवसांचा प्रश्न आहे. नातेवाईक येऊन गेले, तोंडात तुळशीचं पाणी घालून झालं. लांबून आलेले राहिले, वाट बघितली आणि रजा संपल्यावर परत गेले. हे होते तसेच राहिले. नाकातल्या नळीने पेज पोटात जात होती आणि श्वास चालू होता. पाठीला जखमा झाल्या. कूस बदलताना यांच्या घशातून असा आवाज निघायचा की शेजारची बाई एकदा दार वाजवून विचारून गेली.

आमच्यात जाणाऱ्या माणसाला एकटं सोडत नाहीत. घरचं कुणीतरी अंगाला हात लावून बसतं. कुणाचा स्पर्श नसताना जीव गेला तर तो वाट चुकतो, असं आमची म्हातारी माणसं सांगायची. ही रीत एका रात्रीसाठी, फार तर दोन दिवसांसाठी असावी. माझ्या वाट्याला ती ऋतूंमागून ऋतू आली. मी न्हाणीत गेले तरी दार उघडं ठेवायची. भाजी विनिता आणायची, दळण अल्पेश आणायचा. मी लिफ्टपर्यंतही गेले नव्हते. खिडकीला ग्रिल, ग्रिलला कबुतरांसाठी लावलेली जाळी, जाळीतून समोरच्या इमारतीची खिडकी, आणि तिलाही जाळी. दुपारी ऊन यांच्या पायावरून सरकत कपाटापर्यंत जायचं तेवढीच घरातली हालचाल.

यांची धाकटी बहीण सोनूबाय अधूनमधून यायची. तिला बोलायला पथ्य नाही. यांच्याकडे बघून मला म्हणायची, "वयनी, तुजा नवरा चालता-फिरता व्हता तवा तरी कंदी येलेवर निघाला? लग्नाला निघायचा तं तिकडं पंगत उठलेली असायची." मग पदराने डोळे पुसायची आणि यांचे केस विंचरायची.

जीव कशात तरी अडकलाय, हे पहिल्यांदा तीच बोलली. मग आम्ही शोध सुरू केला. सुक्या बोंबलाची चटणी करून नाकाजवळ धरली. चुलतभावाशी यांचं बोलणं बंद होतं, त्याला आणून बसवलं. त्याने हात जोडले, रडला, चहा घेऊन गेला. अल्पेशने गावदेवीचा अंगारा आणला. कशानेच फरक पडला नाही. सोनूबाय म्हणाली, आता अंदाजाने हुडकण्यात अर्थ नाही, मी सांडोरच्या सिप्रियनला आणते.

सिप्रियनच्या घरी ती वर्षानुवर्षं सुकी मासळी विकायला जायची, म्हणून ओळख. सांडोरला त्याची केळीची बाग आणि भाजीचे वाफे आहेत. त्याच्या आजोबांनी एक काटा बनवला होता, त्याला ते लोक ओढकाटा म्हणतात. विहीर कुठे खणायची ते ठरवायला तो वापरायचे. आंब्याच्या नाहीतर चिंचेच्या मुळाला काट्याचा दोरा बांधायचा. झाडाला ज्या बाजूच्या पाण्याची ओढ, त्या बाजूला काटा रेघ काढतो. दोन झाडांच्या दोन रेघा जिथे एकमेकींना कापतील तिथे खणायचं. झाडांवर चालतो तो माणसावरही चालेल, हे पुढे कुणाच्या तरी ध्यानात आलं. तेव्हापासून ज्यांच्या घरी असा जीव रेंगाळलेला असतो ते सिप्रियनला बोलावतात. चर्चमधल्या फादरना हे पसंत नाही आणि सिप्रियनच्या बायकोला, क्लाराला, तर मुळीच नाही. ती काटा पलंगाखाली ठेवते आणि त्यावर चपलांचा खोका ठेवते, असं त्यानेच आम्हाला हसत सांगितलं.

तो रिक्षातून आला. इस्त्रीचा शर्ट, पायात बूट, काखेत चादरीत गुंडाळलेला काटा. वयाने माझ्याएवढाच असेल पण ताठ. बोलण्यात जरा रुबाब. आपला काटा आजवर चुकलेला नाही, हे त्याने पाणी प्यायच्या आधी सांगितलं.

चादर सोडली तेव्हा आत पाटाएवढी लाकडी चौकट निघाली. तिला तीन पाय. मध्ये तांब्याची वाटी, वाटीत खोबरेल. तेलावर तरंगणारी भेंडाची चकती, आणि चकतीला वरून अडकवलेली लांब पितळी दांडी, वाटीच्या कडेवरून खाली वळलेली. दांडीच्या टोकाला कोळशाचा तुकडा. चौकटीखाली कागद सरकवायचा. केळीच्या सोपापासून वळलेला बारीक दोरा वाटीच्या कडीतून घेऊन माणसाच्या पायाच्या अंगठ्याला बांधायचा. एवढंच. मला वाटलं होतं काहीतरी मोठं असेल.

सिप्रियनने दोरा यांच्या अंगठ्याला बांधला आणि सगळ्यांना घराबाहेर जायला सांगितलं. त्याने समजावलं की काट्याला माणूस कळत नाही, ओढ कळते. जवळ कुणी असलं, अंगाला हात असला, तर कुणाची ओढ कुठे जाते ते वेगळं करता येत नाही. तो स्वतःही थांबत नाही. त्याने पायांत बूट चढवले आणि सगळ्यांत आधी तोच जिन्यात जाऊन उभा राहिला.

अल्पेश गेला, विनिता गेली, सोनूबाय गेली. मी म्हटलं, गॅस बघून येते. आणि नाही गेले. बाकीचे खालच्या पायऱ्यांवर उतरले होते, मी दाराशीच उभी असेन असं त्यांना वाटलं. यांना एकटं सोडायचं हे माझ्या हातून होणारच नव्हतं. शिवाय मला वाटलं, हा नियम परक्यांसाठी असणार. लग्नात आमच्या पदरांची गाठ बांधली ती कुणी सोडलेली नाही. नवऱ्याची ओढ आणि बायकोची ओढ काट्याला वेगळी कशी दिसेल? मी पलंगाच्या पलीकडच्या अंगाला जमिनीवर बसले आणि यांच्या घोट्यावर हात ठेवला.

काटा आधी थरथरला. मग भेंडाची चकती हळूहळू फिरली आणि कोळसा कागदावर चालू लागला. वारा नव्हता, पंखा बंद होता. मुंगी चालावी तसा तो चालत होता, पण मुंगीसारखा वाकडातिकडा नाही. मागच्या भिंतीच्या दिशेने सरळ. माझ्या हाताखाली यांचा घोटा गार होता. मधेच स्वयंपाकघरात कुकरच्या शिट्ट्या सुरू झाल्या. डाळ करपेल म्हणून मी उठले, गॅस बंद केला आणि परत येऊन बसले. रेघ पूर्ण झाल्यावर मी दाराशी जाऊन उभी राहिले, जणू नुकतीच बाहेरून येते आहे.

दुसरी रेघ दुसऱ्या जागेवरून काढायची होती. सिप्रियनने दोऱ्याला दोरा जोडला, खिडकीच्या जाळीतून खाली सोडला आणि काटा घेऊन पार्किंगमध्ये गेला. खाली माणसं जमली. कुणी विचारलं केबल टाकताय का, अल्पेश हो म्हणाला. वर विनिता आणि सोनूबाय जिन्यात बसल्या होत्या आणि मी पुन्हा यांच्या पायाशी.

दोन्ही रेघा अल्पेशने इमारतीच्या नकाशाच्या झेरॉक्सवर उतरवल्या. त्या जिथे एकमेकींना कापत होत्या ती जागा होती कुंपणाच्या मागच्या कोपऱ्यात. अल्पेशने तिथे फुली मारली. सोनूबाय नकाशावर वाकली. म्हणाली, "ही तं उघाडी."

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. जिथे आमची इमारत आहे तिथे आमची खारी शेती होती. खाडीचं पाणी शेतात शिरू नये म्हणून बांध असतो आणि बांधाला एका जागी लाकडी झडप असते, तिला उघाडी म्हणतात. भरती आली की ती लावायची, ओहोटी लागली की काढायची, म्हणजे शेतातलं जास्तीचं पाणी निघून जातं. आमच्या गावची उघाडी यांच्या ताब्यात होती. सगळी वाडी झोपली तरी हे पाण्याच्या हिशोबाने जागे. पुढे शेतं गेली, भराव पडला, इमारती झाल्या. उघाडी बुजली. आता त्या जागी सोसायटीची भिंत आहे आणि भिंतीखालून गटाराचा एक पाइप खाडीकडे जातो.

मग सगळंच जुळलं. जन्मभर उघाडी सांभाळली, ती डोळ्यांदेखत बुजली, त्यात जीव अडकला. यात शंका घ्यायला जागाच नव्हती. सिप्रियनने दोनदा मान हलवली, आपल्या आजोबांचं नाव घेतलं आणि चहा घेतला. जाताना नकाशावर फुलीजवळ त्याने यांचं नाव लिहिलं. मला वाचायला उशिरा आलं, अजूनही बोट ठेवून वाचते. त्या नावावर मी बराच वेळ बोट ठेवून उभी होते.

अल्पेशने त्याच संध्याकाळी भिंतीजवळच्या गटाराचं झाकण उचललं. तळातला चिखल वाटीत आणला. सोनूबायने तो यांच्या तळहाताला चोळला आणि कानात सांगितलं की उघाडी काढली आहे, पाणी गेलं, आता निघ. खाडीचं पाणी ओठांना लावलं. आम्ही सगळे पलंगाभोवती उभे राहिलो. श्वास आत गेला, बाहेर आला, पुन्हा आत गेला. विनिताने शेवटी यांचा हात साबणाने धुतला, कारण चिखलाला गटाराचा वास येत होता.

यानंतर अल्पेशचं डोकं त्या नकाशातच राहिलं. तो त्याने फ्रिजवर चिकटवला, शेजारी काट्याने काढलेल्या पहिल्या रेघेचा मूळ कागद. कामावरून आला की बूट न काढता त्याच्यासमोर उभा. त्याला वाटू लागलं की झाकण उचलून काही होणार नाही, भिंत पाडून जुनी जागा मोकळी करायला हवी. सोसायटीचे सेक्रेटरी श्रीरंगराव, रत्नागिरीकडचे, शांत माणूस. अल्पेश त्यांच्याकडे गेला. त्यांनी बसवून घेतलं, सगळं ऐकलं आणि सांगितलं की भिंत सगळ्यांची आहे, एका घराच्या दुःखासाठी ती पाडता येणार नाही. अल्पेश आवाज चढवून बोलला. वर येऊन म्हणाला, येत्या रविवारी कारखान्यातून ब्रेकर आणतो आणि भिंत फोडतो, मग कोण काय करतं बघू.

विनिता घाबरली. पोलीस येतील, नोकरी जाईल. नवऱ्याला समजावून झालं, रडून झालं. मग तिने परस्पर सिप्रियनला फोन केला की भिंत फुटायच्या आत एकदा खात्री करून जा.

मला त्या दिवसांत वाटायचं, आम्ही सगळेच यांच्याबरोबर अडकलो आहोत. अल्पेश त्या नकाशात, विनिता अल्पेशच्या रागात. मी जिथे होते तिथे, घोट्यावर हात ठेवून. मला फक्त एवढंच हवं होतं की यांची सुटका व्हावी. कूस बदलताना तो आवाज पुन्हा ऐकायला लागू नये. यासाठी भिंत पडणार असेल तर पडो, असं मलाही मनातून वाटत होतं.

रविवारी सकाळी सिप्रियन चर्चमधली मिसा आटोपून सोनूबायबरोबर आला. या वेळी चिडलेला होता. त्याच्या काट्यावर कुणी शंका घेतलेली त्याला खपत नव्हती. फ्रिजसमोर उभं राहून त्याने चष्मा लावला आणि मूळ कागदाला नाक लावून बघत राहिला. मग त्याने कागद काढून खिडकीशी नेला. रेघ सरळ होती, पण मध्यावर एका जागी कोळसा थांबून जाड ठिपका झाला होता. त्या ठिपक्यापुढे रेघ पुन्हा सुरू झाली होती.

त्याने विचारलं की काटा चालू असताना घरात काय झालं होतं. अल्पेश म्हणाला, काही नाही, आम्ही सगळे जिन्यात होतो. मग विनिता माझ्याकडे न बघता म्हणाली, "कुकरच्या शिट्ट्या झाल्या होत्या. मी उठणार तेवढ्यात थांबल्या. आई, गॅस कुणी बंद केला?"

मी सांगितलं. आत होते, यांच्या घोट्याला हात लावून. एकटं कसं सोडायचं.

सोनूबाय आधी हसली. म्हणाली, "देवा, हिला सरगात पाठवलं तरी ही दारातून मागं येल, गॅस बगाला." पण सिप्रियन हसला नाही. त्याने तो ठिपका बोटाने दाखवला. मी उठले तेवढ्या वेळात काटा थांबला होता. मी परत बसले, काटा पुन्हा चालू लागला.

"हा नकाशा तुझा आहे, शकूबाई," तो म्हणाला.

अल्पेशने खुर्ची मागे ढकलली. "म्हंजे भिंत मी आयेसाठी फोडत व्हतो?" ब्रेकर दाराशी गोणपाटात गुंडाळून ठेवलेला होता. त्याने तो पायाने बाजूला सरकवला आणि डोकं धरून बसला.

सिप्रियनने पुन्हा काटा मांडला. या वेळी त्याने मला हाताला धरून बाहेर नेलं, तेही स्वतःच्या पुढे घालून. उंबरठ्याबाहेर पाऊल टाकलं तेव्हा मला फरशीचा रंग अनोळखी वाटला. जिन्यात कुणाच्या तरी सायकली होत्या, कुंड्या होत्या. दार ओढून घेतलं गेलं आणि पलीकडे हे एकटे. मी दाराच्या लाकडाला हात लावून उभी राहिले. सोनूबायने तो हातही काढला.

आत गेलो तेव्हा कागदावर एक ठिपका होता. रेघ नाही, वळण नाही. काटा जागचा हललाच नव्हता. सिप्रियनने दोरा तपासला, गाठ तपासली, तेल तपासलं. पुन्हा सगळे बाहेर, पुन्हा तोच ठिपका. तो म्हणाला, याला कशाचीच ओढ उरलेली नाही, ना घराची ना उघाडीची.

"मंग यो थांबलाय कशाला?" सोनूबायने विचारलं.

"काटा ओढ दाखवतो," सिप्रियन म्हणाला. "कारण दाखवत नाही. ते मला नाही माहीत." पहिल्यांदा त्याचा आवाज खाली आला होता. काटा चादरीत बांधताना त्याने मला विचारलं, तुझं त्या उघाडीवर काय होतं?

तो गेल्यावर आठवत बसले. उघाडीचं काम यांचं होतं हे खरं. पण ओहोटीला झडप काढली की तिच्या तोंडाशी जाळं लावायला मी जायची. शेतातून येणाऱ्या पाण्याबरोबर कोळंबी यायची, बारके निवटे मासे यायचे. जाळं लावून बांधावर बसायचं, पाणी ओसरेपर्यंत. तिथे सासू नव्हती, मुलं नव्हती, हेही झोपायला गेलेले असायचे. कुणाला माझ्याकडून काही नको असायचं. लग्न होऊन आले तेव्हापासून भराव पडेपर्यंत माझी म्हणून जी जागा होती ती तेवढीच. भराव पडला तेव्हा गाव यांच्यासाठी हळहळलं. मला कुणी विचारलं नाही आणि मीही स्वतःला विचारलं नाही.

रविवारी मी खाली गेले नाही. सोमवारीही नाही. पुन्हा पलंगापाशी बसले. पण आता घोट्यावर हात ठेवला की तो जड वाटायचा. ज्याला कुठेच जायचं नाही त्याच्या अंगात माझ्या हातातून ती ओढ जात असेल का, आणि तिलाच धरून हे श्वास घेत असतील का, असं मनात यायचं. हात काढायची, आणि काढल्यावर भीती वाटायची की आत्ताच काही झालं तर यांची वाट चुकेल. पुन्हा ठेवायची. अल्पेश डबा न घेताच कामावर गेला. विनिताने नकाशा फ्रिजवरून काढून कुठेतरी ठेवला.

मंगळवारी दुपारी यांची कूस बदलायची होती. सोनूबाय आली होती, दोघींनी मिळून बदलली. तो आवाज निघाला. या वेळी तो संपेना. आपली पाठ सोडवून घ्यावी तसं हे डाव्या हाताने चादर ओढत होते. मी बघत राहिले. मग सोनूबायला म्हटलं, तू खुर्चीवर बस, पण अंगाला हात लावू नको. ती म्हणाली, "आनी रीत?" मी म्हटलं, रीत मी पुरेशी पाळली.

तिने माझ्याकडे नीट बघितलं. "जा वयनी," म्हणाली. "मी बसते इथंच, कुठं पलून नाय जात."

लिफ्ट बंद होती. मी कठड्याला धरून उतरले. गुडघे दुखत होते, मधल्या मजल्यावर बसावं लागलं. खाली ऊन होतं आणि गाड्या पार्क केलेल्या होत्या. इमारतीच्या मागे कुणी जात नाही. तिथे फुटक्या कुंड्या, जुना कमोड, सिमेंटच्या गोण्या. भिंत माझ्या डोक्यापेक्षा उंच. तिच्यावरून तिवरांचे शेंडे दिसत होते. पलीकडे खाडी आहे हे त्यावरून कळायचं, आणि वासावरून. वॉचमनने त्याची प्लास्टिकची खुर्ची आणून दिली. त्याला वाटलं मला चक्कर आली आहे.

गटाराचं झाकण अल्पेशने अर्धवटच बसवलं होतं. फटीतून खाली पाणी दिसत होतं. पौर्णिमा आदल्या दिवशीच झाली होती, म्हणजे दुपारची भरती मोठी येऊन गेली असणार. पाणी आधी उभं होतं. मग त्यावर पडलेलं एक पान हलायला लागलं आणि पाइपच्या दिशेने गेलं. ओहोटी लागली होती. पाणी काळं होतं, साबणाचा फेस होता त्यावर, पण जात होतं त्याच बाजूला, जिथे जायचं.

खरं सांगायचं तर त्या वेळी मला यांची आठवण आली नाही. मी पाणी बघत होते. जाळं कुठल्या कोनात लावलं असतं ते बघत होते. ऊन तिवरांच्या मागे गेलं, मच्छर चावायला लागले, तरी मी उठले नाही. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा माझे दोन्ही हात माझ्या मांडीवर होते.

मग वॉचमन आला आणि म्हणाला, ऊपर बुला रहे हैं. त्याच्या तोंडावरून मला कळलं. मी घाई केली नाही. जिना चढताना ज्या मजल्यावर उतरताना बसले होते तिथेच पुन्हा बसले.

सोनूबाय खुर्चीवरच होती, हात पदरात गुंडाळलेले. तिने सांगितलं की ती यांना लहानपणीचं काहीतरी सांगत होती, बांधावरून दोघं पडले होते त्याबद्दल, आणि सांगता सांगता तिच्या ध्यानात आलं की घशातली घरघर थांबली आहे. तिने हात लावला नव्हता. आवाज झाला नाही. मी जवळ गेले, नाकातली नळी काढली आणि तोंड पुसलं. अल्पेश तासाभराने आला. विनिता त्याच्या आधी आली होती, तिने पाणी तापत ठेवलं होतं.

माझे पती काळूराम पोशा भोईर दोन हजार तेवीस साली, नोव्हेंबरच्या अठ्ठावीस तारखेला, मंगळवारी, दिवस मावळायच्या सुमाराला राहत्या घरी वारले.